डायरेक्टरांचा ड्रॅगन

आमचे डायरेक्टर कोणाच्याही घरी गेले की चहाआधी भांडी वाजवून बघत. पातेल्याच्या बुडाला टिचकी मारायची, कान लावायचा आणि म्हणायचं, "वहिनी, ह्यो टोप सरदाराच्या डोक्यावर लय शोभंल." ते गल्लीत शिरले की बायका मांडणीवरची भांडी आत नेत. मी पोचा आलेलं एखादं पातेलं दारातच काढून ठेवायची. देऊन टाकलं की कटकट संपते.

फौजेत ड्रायव्हर होते. निवृत्त होऊन रहिमतपूरजवळच्या आमच्या गावी आले आणि लग्नांचं शूटिंग करू लागले. वरातीत त्यांचा कॅमेरा नवरदेवापेक्षा घोडीच्या पायांवर जास्त असे. त्यांना काढायचा होता चित्रपट, तोही चिलखतातल्या परदेशी सरदारांचा आणि आग ओकणाऱ्या ड्रॅगनचा.

"अहो, आपल्याकडे राजे कमी आहेत का?" मी एकदा विचारलं.

"आपल्या राजांना हत्ती लागत्यात, किल्ला लागतो. येक पगडी चुकली तर लोकं मला मारतील. ड्रॅगन कुणी बघितलाय? चुकला तरी सांगणार कोण?"

माझं शिवणकामाचं दुकान, म्हणून ड्रॅगनची कातडी माझ्याकडे आली. खताच्या रिकाम्या गोण्या उसवून मी दाभणाने जोडल्या. आत बांबू, खाली उसाची ट्रॉली. पोटावर एका ठिकाणी 'युरिया' ही अक्षरं बाहेर राहिली. मी उलटून शिवते म्हटलं, तर म्हणाले, "ऱ्हाऊ द्या. त्येनं खाल्लंय, असं दाखवू."

'असं दाखवू' हे त्यांचं सगळ्यावरचं औषध. सरदाराची घोडी वरातीतलीच होती. बँडशिवाय ती पाऊल उचलेना आणि बँड लावला की नाचायला लागे. ड्रॅगनवर चाल करून जाणारा सरदार वर गदागदा हलतोय. "लढाईला खुशीनं निघालाय, असं दाखवू." पावसात चिलखतांचा पत्रा गंजला, तर "लय लढाया मारल्यात, असं दाखवू."

एक गोष्ट मात्र बदलायची नव्हती. शेवटी सरदाराने तलवारीच्या एका घावात ड्रॅगन मारायचा. त्यासाठी त्यांनी ड्रॅगनच्या मानेत लाल रंगाची पिशवी भरून ठेवली होती. सरदार म्हणजे त्यांचा पुतण्या विलास. तो फौजेत, त्यामुळे सगळं काम त्याच्या रजांमध्ये चालायचं. शेवटचा प्रसंग खंडेनवमीला घ्यायचा ठरला, कारण दुसऱ्या दिवशी विलास परत जाणार होता आणि पुढची रजा कधी ते त्यालाही माहीत नव्हतं.

खंडेनवमीला आमच्याकडे विळा-कोयत्यापासून ट्रॅक्टरपर्यंत सगळ्याची पूजा होते. सकाळी मीही मशीनला हार घातला होता. डायरेक्टरांच्या अंगणात गेले तर काकूंनी, म्हणजे त्यांच्या पत्नीने, ट्रॅक्टर पुजता पुजता ड्रॅगनलाही हळदकुंकू वाहून गळ्यात झेंडूची माळ घातली होती. पुढ्यात नारळ फोडलेला. तलवारही पाटावर मांडलेली.

विलासने ते पाहिलं आणि शिरस्त्राण काढलं. "काका, पूजेतलं हत्यार आज उचलायचं नसतंय. आन ज्येला कुंकू लावलं त्येच्यावर घाव? मला न्हाई जमायचं."

"आरं, खताच्या गोण्या हायत त्या!"

"सकाळपतूर हुत्या."

डायरेक्टर काकूंवर ओरडले, "तुला कुणी सांगितलं हुतं ह्येला पुजायला?"

"दारात उभा हाय आपल्या. सगळ्यांस्नी लावलं, त्येला येकट्याला कसं वगळू?" काकू म्हणाल्या.

डायरेक्टर ट्रॉलीच्या दांड्यावर बसले. इतक्या वर्षांचा खटाटोप, आणि शेवट नाही. त्या दिवशी 'असं दाखवू' हे शब्द त्यांच्या तोंडून निघेनात. चहा आला तो तसाच निवला.

शेवटी काकूच म्हणाल्या, "मरीआईच्या गाड्याला मारतो का आपण? ववाळतो, आन शिवंपल्याड सोडतो. ह्येलाबी तसाच सोडा."

डायरेक्टर उठले, ड्रॅगनच्या मानेतून रंगाची पिशवी स्वतः काढली आणि कॅमेरा खांद्यावर घेतला. चिलखतातल्या विलासने ड्रॅगनला ओवाळलं. गावाने ट्रॉली ढकलत शिवेपलीकडे नेऊन ठेवली.

जत्रेत देवळासमोर चित्रपट दाखवला. घोडी नाचली तेव्हा लोक पोट धरून हसले, शेवटाला मात्र निम्म्या बायकांनी पडद्याला हात जोडले. डायरेक्टर माझ्या शेजारी उभे होते. "वहिनी, मला वाटलं शिट्ट्या पडतील," ते हळूच म्हणाले. "ही तर पाया पडाय लागली." आणि इतके तृप्त झाले, की पुन्हा चित्रपट काढायचं नावही त्यांनी घेतलं नाही.

ड्रॅगन शेजारच्या गावाने मरीआईच्या गाड्याच्या रिवाजाप्रमाणे आपल्या शिवेपलीकडे सोडला, त्यांच्या शेजाऱ्यांनी पुढे. तो कुठवर गेला याची डायरेक्टर एसटीच्या कंडक्टरांकडे चौकशी करत. गेल्या उन्हाळ्यात ते गेले, झोपेतच, कुणाला त्रास न देता.

यंदा खंडेनवमीला मी वाईकडे भाचीच्या सासरी होते. अंगणात ट्रॅक्टरशेजारी आमचाच ड्रॅगन उभा. ठिगळं नवी, एक डोळा बदललेला. मी विचारलं, हे काय?

भाचीच्या सासूबाई म्हणाल्या, "आमची लय जुनी रीत हाय. आज पुजायचा, सांजच्याला शिवंपल्याड सोडायचा. मारायचा नसतोय त्येला."

मी बरं म्हटलं. संध्याकाळी ट्रॉली चढावर अडली, तेव्हा पदर खोचला आणि मागून हात लावला.