नखावरची शाई

२०१५ साल, मी एकसष्ट वर्षांचा. ग्रामपंचायतीच्या मतदानाच्या आदल्या संध्याकाळी सरपंचाची दोन माणसं माझ्या केळीच्या बागेत शिरली. एकाने छातीवर गुडघा रोवला, दुसऱ्याने डाव्या हाताचं अंगठ्याजवळचं बोट मुरगाळून नखावर मतदानाची शाई ओतली. तो उग्र वास अजून नाकात आहे. "नाना, तुमनं मतदान व्हयी गयं, आते घर बठा," म्हणत दोघं हसले. शाई दिसली की केंद्रावरून परत पाठवणार, हे त्यांना ठाऊक होतं. मी चौथी नापास, पण मत माझं होतं. ते गेल्यावर घड कापायच्या विळ्याने नखासकट काळं कातडं सोललं, ओरडलो नाही. आजही त्या बोटाला धड नख नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी चिंधी बांधून रांगेत पहिला उभा राहिलो, शेजारचं बोट पुढे केलं आणि म्हणालो, "साहेब, याले लावा."