खोटं हसू त्याला चालत नाही

माझा धाकटा भाऊ, म्हणजे तुमच्या आईचा मामा, विनोदी मालिका दिग्दर्शित करतो हे तुम्हाला माहीत आहे. ते तो करतो कसं, हे मी एकदाच जवळून पाहिलं. अजूनही नवल वाटतं.

बरीच वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली काढल्यावर त्याला स्वतःची पहिली मालिका मिळाली होती. वाहिनीची अट एकच: पहिला भाग जमला नाही, तर दिग्दर्शक बदलू. आदल्या दिवशी त्याचा फोन आला.

"ताई, उद्या गोरेगावला स्टुडिओत ये."

"मला अभिनय येत नाही रे."

"म्हणूनच ये."

मुलुंडहून रिक्षाने गेले. त्याने मला कॅमेऱ्याशेजारी खुर्ची दिली आणि स्वतः नटांकडे पाठ करून माझ्यासमोर उभा राहिला. सोसायटीच्या गणपतीतली नाटकंही तो अशीच बसवायचा. स्टेजकडे पाठ, डोळे लोकांच्या चेहऱ्यांवर.

प्रसंग साधा होता. दाराबाहेर चपलांचा रॅक ठेवला म्हणून सोसायटीचा सेक्रेटरी भांडायला येतो. सवयीने आपल्या चपला त्याच रॅकमध्ये नीट ठेवतो आणि आत येऊन ओरडू लागतो. घरची बाई म्हणते, "अहो, मग तुमच्या चपला कुठे ठेवल्यात?"

सगळे हसले. मीही हसले. भावाचं सगळं या पहिल्या भागावरच तर होतं.

"कट! ताई, तू माझ्यासाठी हसलीस."

"अरे, छान होतं की!"

"तुझ्या नाकपुड्या हलल्या नाहीत. लहानपणापासून बघतोय."

क्षणभर त्याने डोळे मिटले. मग त्या नटीला म्हणाला, "ते वाक्य सोडून द्या. नुसतं रॅककडे बघा."

"अहो, एवढंच तर चांगलं वाक्य आहे मला!"

"आता अख्खा प्रसंग तुमचा होईल."

पुन्हा टेक. सेक्रेटरी ओरडतोय. बाई शांतपणे दाराबाहेर बघतेय. हळूहळू त्याचीही नजर तिकडे गेली. ओरडणं थांबलं. तो मुकाट्याने बाहेर गेला, चपला उचलल्या, काखेत धरल्या आणि परत येऊन राहिलेलं वाक्य तितक्याच जोरात पूर्ण केलं.

तुमचे आजोबा आमच्या सोसायटीचे सेक्रेटरी होते. त्यांचा तोच ताठ चेहरा मला दिसला आणि मी जी हसत सुटले, ती थांबेचना. ध्वनिमुद्रण करणाऱ्याने कानावरचे हेडफोन ओढून काढले. तो नट चपला काखेत तशाच ठेवून म्हणाला, "ताई, माझा टेक खाल्लात तुम्ही!"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. भावाने मात्र नटांकडे मागे वळूनसुद्धा पाहिलं नव्हतं.

"ओके. पुढचा सीन."

"सर, यांचं हसणं आलंय त्यात," ध्वनिमुद्रणवाला म्हणाला.

"राहू दे."

एक वाक्य काढलं आणि त्याच्याखाली दबलेलं हसू मोकळं झालं. ते तिथे आहे हे त्याला कसं कळलं, मला आजही सांगता येणार नाही. वाहिनीने मालिका त्याच्याकडेच ठेवली.

तो भाग तुमच्या फोनवर पाठवला आहे. चपला काखेत गेल्यावर कान देऊन ऐका. कुणीतरी बाई घोड्यासारखी फुरफुरते. ती मी.