मादामचं उखळ

"आधी खा. मग तुमचं मशीन लावा," मादाम रोझलीन म्हणाल्या आणि माझ्या लॅपटॉपशेजारी भोपळ्याच्या सूपचा वाडगा ठेवला. सकाळचे दहा वाजले होते. मी आवाज मोजायला गेले होते, जेवायला नव्हे. पण पुढ्यात आलेलं अन्न नाकारायची सवय आमच्या नागपूरच्या घरात कोणालाच नव्हती. मी मुकाट्याने खाल्लं. घोळ तिथेच झाला, पण तो कळायला दोन आठवडे लागले.

मी म्युनिकमध्ये अकॉस्टिक इंजिनियर आहे. आवाजावरून शेजाऱ्यांची भांडणं होतात, मी जाऊन मोजते आणि गुटाख्टन लिहिते, म्हणजे तज्ज्ञाचा रिपोर्ट. ही केस २०१४ची. मादाम मूळच्या हैतीच्या, साठी ओलांडलेल्या. गीझिंग भागात त्यांचं आठ टेबलांचं हैतियन रेस्टॉरंट बावीस वर्षं चालू होतं. वर्षभरापूर्वी बरोबर वरच्या फ्लॅटमध्ये फ्राऊ लांग राहायला आल्या. त्या नर्स, कायम रात्रपाळी. सकाळी आठला झोपायच्या आणि दहाला दचकून उठायच्या. भिंतीतून ठोके येतात, म्हणायच्या. वर्षभर सोसलं आणि मग तक्रार केली.

हाऊसफेरवाल्टुंगने, म्हणजे इमारत सांभाळणाऱ्या ऑफिसने, मादामना पत्र पाठवलं. आवाज बंद झाला नाही तर जागेचा करार वाढणार नाही. मोजणीचं काम आमच्याकडे आलं.

आवाज दोन वाटांनी येतो. एक हवेतून, जसं आपण बोलतो. दुसरा इमारतीच्या हाडांतून, म्हणजे जमीन, खांब, भिंती यांतून. या दुसऱ्याला क्योर्परशाल म्हणतात. तो फार लबाड. खाली उगम असतो आणि वरच्या माणसाला वाटतं, उशाशीच कोणी बसलंय.

मी फ्राऊ लांगच्या बेडरूममध्ये मायक्रोफोन ठेवला आणि खाली येऊन एकेक मशीन चालू-बंद केलं. फ्रिजचा कॉम्प्रेसर, धूर ओढणारा पंखा, भांडी धुण्याचं मशीन. वर काहीच पोचत नव्हतं.

"सकाळी इथे आणखी कसला आवाज होतो?" मी विचारलं.

"रेडिओचा. तोही हळू," मादाम म्हणाल्या. "सूप आणू अजून?"

आठवड्याने पुन्हा गेले. पुन्हा शांतता, पुन्हा सूप, आणि यावेळी तळलेली केळी. मादाम समोर बसून मी कशी खाते ते बघत होत्या. मला त्या मनापासून आवडायला लागल्या होत्या. आवाजाचं कारण सापडलं नाही तर रिपोर्टमध्ये तसंच लिहावं लागणार, तक्रार चालूच राहणार आणि ही जागा जाणार.

माझे बॉस, हेर ब्रांडल, यांनी आठवडाभराचं रेकॉर्डिंग पाहिलं. मायक्रोफोन वर चालूच ठेवला होता.

"आल्झो, हे बघा, रोज दहाला ठोके आहेत. फक्त दोन दिवस नाहीत. ते कोणते?"

मी तारखा पाहिल्या. "मी गेले होते ते."

"गेनाऊ, अगदी बरोबर. म्हणजे त्या रेस्टॉरंटमधलं सर्वोत्तम साउंडप्रूफिंग तुम्हीच आहात."

मी हेडफोन लावले. धप, धप, धप. मग खरवडल्याचा आवाज. पुन्हा धप, धप, धप. तिसऱ्या वेळी मला हसूच आलं. खलबत्त्यात वाटण कडेला चढलं की माझी आई ते अस्संच चमच्याने खाली ओढायची. कॉलेजात पाच वर्षं आणि नोकरीत बारा वर्षं घालवून मी कॉम्प्रेसर शोधत बसले होते.

दुसऱ्या दिवशी न कळवता मागच्या दाराने गेले. मादामसमोर कमरेएवढं लाकडी उखळ, थेट फरशीवर, इमारतीच्या खांबाला टेकलेलं. हातात मुसळ. लसूण, कांद्याची पात, पार्सली, मिरची. त्यांच्या प्रत्येक पदार्थात पडणारं ते हिरवं वाटण, एपिस. मला बघून त्यांनी लगेच मुसळ बाजूला ठेवलं.

"थांबलात का?"

"पाहुणी आल्यावर कोणी कुटत बसतं का?" त्या म्हणाल्या. मग माझ्या चेहऱ्याकडे पाहून खाली बसल्या. "हाच तो आवाज? वरच्या पोरीला मी झोपू देत नाहीये?"

त्यांचे डोळे भरून आले. ऑफिसच्या पत्राने त्या खचल्या नव्हत्या, याने खचल्या.

ब्रांडल फोनवर म्हणाले, "मिक्सर वापरायला सांगा. केस संपली." मी निरोप दिला. "मिक्सरमध्ये हिरवं पाणी होतं," मादाम म्हणाल्या. खरं सांगायचं तर माझंही तेच मत होतं.

मी बाहेर येऊन नागपूरला फोन लावला.

"आई, तू खलबत्त्याखाली काय ठेवायचीस गं?"

"गोणपाट. चार घड्या घालून. खालच्या वानखेडेबाई ओरडायच्या ना. का गं, तिकडे कुटतेस की काय?"

मादामकडे तांदळाची तागाची रिकामी पोती होती. आम्ही दोघींनी उखळ खांबापासून ओढलं आणि खाली चार घड्यांची दोन पोती घातली. फ्राऊ लांग वर बिछान्यावर पडल्या. मी त्यांना फोन लावून स्पीकरवर ठेवला आणि आमच्या बाजूचा माइक बंद केला. मादाम कुटायला लागल्या, आधी भीत भीत, मग दणक्यात. पलीकडून अक्षर नाही.

शेवटी फ्राऊ लांगच म्हणाल्या, "सुरू कधी करणार? मला झोप येतेय."

"पाच मिनिटं झाली," मी माइक चालू करून म्हणाले.

रिपोर्टमध्ये पोतं लिहिता येत नाही. ब्रांडलनी कॅटलॉगमधली रबरी मॅट लिहायला लावली, मादामनी ती आणलीही. त्यावर पोतं अजून आहे. करार वाढला. फ्राऊ लांग आता उठल्यावर खाली जेवायला जातात.

महिनाभराने सुट्टीच्या दिवशी सकाळी मी सहज गेले. मादामनी मान वर करून मला पाहिलं आणि कुटत राहिल्या. पायाने लसणाची टोपली माझ्याकडे सरकवली. मी स्टूल ओढून सोलायला बसले.

ऑफिसात नवीन येणाऱ्यांना मी एवढंच सांगते: मोजणी संपेपर्यंत कोणाकडे जेवू नका. नंतर मात्र नाही म्हणू नका.