आतले वेढे

मी मुळातच भित्रा. पडद्यावरच्या लढाया टिपताना कॅमेऱ्यामागं लपता येतं म्हणून हा धंदा धरलात, असं आमची ही म्हणते. म्हणू दे बापडी.

बेचाळीसच्या चळवळीचे दिवस होते. सरकारी माहितीपटासाठी उसाची लावण टिपायला मला कुंडलकडं धाडलं होतं. सरीत कांडी दाबणारा एक तरणा गडी कॅमेऱ्याकडं बघून हसला. मी ते टिपलं आणि पुढच्या कामाला लागलो.

तासाभरानं कुऱ्हाडी घेतलेल्या चौघांनी मला गाठलं. तो हसरा गडी फरारी होता.

"सरकारचा मानूस व्हय तू? आमच्या गड्याचं त्वांड न्यायला आलास?"

खबऱ्यांच्या तळपायांना पत्री ठोकतात, असं ऐकून होतो.

"उघड पेटी!"

भर उन्हात कॅमेरा उघडला. "उजेड लागला, आता सगळं गेलं," मी म्हणालो. त्यांनी सोडलं.

साफ खोटं बोललो होतो. उजेड गुंडाळलेल्या फिल्मचे वरचे वेढे खातो, आतले शाबूत राहतात. तो हसरा गडी आतल्या वेढ्यांत होता.

साताऱ्याची मोटार वाटेत पोलिसांनी अडवली. फौजदारानं पेटीवर छडी आपटली. "काय टिपलंत?"

"ऊस, साहेब."

"फिल्म धुऊन आली की आधी आम्हाला दाखवायची."

दाखवली तर तो पकडला जाणार आणि ते चौघं मला शोधत येणार. पुढच्या थांब्यावर उतरलो, उसात शिरलो आणि सगळी फिल्म शेवटच्या वेढ्यापर्यंत उन्हात ओढून काढली. त्याला वाचवायला? छे! स्वतःची कातडी वाचवायला. खात्यातल्या साहेबांना सांगितलं, कॅमेऱ्यात उजेड शिरला.

स्वातंत्र्यानंतर साताऱ्यात एका चित्रपटाचं काम चालू होतं. एक म्हातारी माझा पत्ता काढत आली. त्या गड्याची आई. तो पुढं पोलिसांच्या गोळीनं गेला होता.

"येक फोटू न्हाई त्येचा. तुमच्या पेटीत हसला हुता म्हनं. वरचं जळलं आसंल, पर आत कायतरी उरलं आसंल की, बाबा?"

"नाही, आई. काहीच उरलं नाही." या खेपेला खरं बोललो.

"ऱ्हाऊ द्या. तुमी तर बघितलासा न्हवं? मग सांगा की, कसा दिसत हुता माझा ल्योक?"

मी डोळे मिटले. लय आठवून बघितलं. चेहरा काही येईना. दिसत होत्या त्या चार कुऱ्हाडी.