अव्याचा मूकपट आणि मंडळाची बासरी

अव्या गेल्याचा मेसेज मराठी मंडळाच्या ग्रुपवर आला आणि त्याखाली पटापट लुकलुकत्या पणत्या पडू लागल्या. एकाने तर चक्क अंगठा वर केला. शी! महिना होत आला, तरी तो अंगठा माझ्या डोळ्यांपुढून जात नाही.

अविनाश आणि मी सिडनीत एकदमच आलो, हॅरिस पार्कच्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये एकाच कुकरचा भात खाल्ला. पुढे त्याला गराज सेलमध्ये एक जुनं रीळ सापडलं. डेन्मार्कचा कुठलातरी मूकपट, ना नाव माहीत, ना नटी. कोळ्याची बायको बंदरावर नवऱ्याची वाट बघते, तो येत नाही, ती घरी येऊन चूल पेटवते... संपलं. एवढ्यासाठी या बाबाने गिरावीन भागात घेतलेल्या घरातली एक भिंत मोकळी ठेवली, तिच्यावर साधं कॅलेंडर लावू दिलं नाही. सिनेमा चालू असताना कुणी चकार शब्द काढायचा नाही. मी एकदा म्हटलं, "अरे, मागे जरा सतार तरी लाव." तर म्हणाला, "ती रडत नाहीये, मग तिच्या वतीने तू कशाला रडतोस?"

शोकसभेत तो सिनेमा दाखवा, जसा आहे तसा, एवढंच त्याच्या बायकोने, शुभावहिनींनी मागितलं आणि रिळाची कॉपी मंडळाला दिली. अध्यक्ष म्हणाले, "नो वरीज वहिनी!" आणि त्या दिवशी बघतो तर काय, चित्र रंगवलेलं, कोळिणीचे गाल गुलाबी, मागे बासरी, आणि कुठल्याशा मशीनचा गहिवरलेला आवाज: "प्राणनाथ, कुठे आहात?" डेन्मार्कची बाई आणि म्हणे प्राणनाथ! वहिनी उठल्या, थेट पुढे गेल्या आणि त्यांनी स्पीकरची वायर उपटली. लगेच मागून ओरडा, "आवाज गेला! आवाज गेला!" एक उत्साही स्वयंसेवक धावला आणि "सॉरी हं आंटी," म्हणत वायर पुन्हा खोचून आला. याच लोकांनी जरा वेळापूर्वी उभं राहून दोन मिनिटं शांतता पाळली होती. तीही धड नाही. कुणाचातरी फोन वाजला आणि सगळे हुश्श करून बसले.

वहिनींनी पर्स उचलली. मी त्यांना गाडीतून घरी आणलं, वाटभर मंडळाच्या नावाने खडे फोडत. निर्लज्ज, कोडगे, मेल्याच्या टाळूवरचं लोणी खाणारे... तोंडाला येईल ते. घरी आल्यावर त्यांनी पडदे ओढले, प्रोजेक्टर लावला, आणि आम्ही दोघं तो सिनेमा शेवटपर्यंत बघत बसलो. कोळीण घरी आली. तिने चूल पेटवली. संपलं तरी वहिनी उठल्या नाहीत.

"हं, आता बोल," त्या म्हणाल्या. "मघाशी गाडीत काय म्हणत होतास?"

मला काहीच आठवेना.