ताईच्या हळदीचं उटणं

आमच्या घरात साबण होता तो फक्त कपड्यांसाठी. तो अंगाला लावणारी माणसं आईच्या मते आळशी होती. रोजच्या आंघोळीला मसुराचं पीठ आणि चिमूटभर आंबेहळद, डोक्याला रिठा-शिकेकाई, आणि सणासुदीला उटणं, असा तिचा कारभार होता. साखरखेर्ड्याच्या आमच्या गल्लीतल्या निम्म्या घरांत दिवाळीला आईच्याच हातचं उटणं जायचं. थंडीत खाल्लेल्या संत्र्यांच्या साली ती फेकू द्यायची नाही, धाब्यावर, म्हणजे घराच्या मातीच्या छतावर, वाळवून डब्यात भरायची. गुलाबाच्या पाकळ्या मात्र सावलीत वाळवायच्या. नागरमोथा, कचोरा, गव्हला, वाळा हे बाबा खामगावच्या बाजारातून आणायचे. आणलेली एकेक पुडी आई नाकाशी नेऊन बाबांकडे अशी बघायची, जणू तिच्यात काही खोट निघाली तर ती बाबांनीच केलेली असणार.

हे कौतुकानं सांगते आहे, पण खरं सांगायचं तर उटण्याचा वास मला अजून सहन होत नाही. लोकांना त्या वासानं दिवाळीची पहाट आठवते. मला ताईच्या लग्नाआधीचे दोन दिवस आठवतात.

ताई माझ्याहून बरीच मोठी. महाराष्ट्र होऊन तेव्हा थोडीच वर्षं झाली होती आणि मी गावातल्या शाळेत चौथीत होते. ताईचं लग्न त्याआधी एकदा मोडलेलं होतं. सुपारी फुटली आणि त्याच आठवड्यात त्या मुलाची आजी वारली. आजी खाटेवर पडून होती ती कित्येक महिने, पण दोष आला ताईच्या पायगुणावर. पोरीनं त्या घराचा उंबरा पाहिलेला नव्हता, तरी पायगुण वाईट! मला आजही त्या माणसांचा राग येतो. त्यानंतर स्थळं येईनात. आली तरी चहा पिऊन जात आणि कळवतो म्हणत.

शेवटी बीबी गावच्या एका शेतकरी घरातून होकार आला. मुलगा शांत होता, शिकलेला होता. त्याच्या आईनं साखरपुड्याला आमच्या आईचा हात धरला आणि म्हणाली, "तुमच्या हातचं उटणं लय नावाजलेलं हाये म्हणे. आमच्या पोराच्या हळदीलेबी पाठवा." आईला आभाळ ठेंगणं झालं. तिनं त्या वर्षी केलं तसं उटणं पुन्हा कधी केलं नाही. लोखंडी खलात एकेक जिन्नस कुटायचा, लुगड्याच्या मऊ तुकड्यातून गाळायचा, वर राहिलेलं पुन्हा कुटायचं. माझ्याकडे जिन्नस निवडून देण्याचं काम होतं. सगळं घर शिंकत होतं. एक डबा ताईसाठी ठेवला आणि दुसरा, फडक्यात बांधून, कुंकवाचं बोट लावून, नवऱ्या मुलाच्या मामांबरोबर बीबीला गेला.

दुसऱ्या दिवशी दुपारी शेजारचे काका मांडवाचे बांबू रोवायला आले. शेजारच्या काकू त्यांच्या लेकीच्या बाळंतपणाला खामगावला गेल्या होत्या आणि काका एकटेच होते, म्हणून आईनं त्यांना जेवायला वाढलं. जेवता जेवता काका खुशीत म्हणाले, "वहिनी, तुमच्या खलाचं लय काम झालं बरं का. पोरीच्या लाडवाले गोडंबी त्यातच कुटली."

आईचा वाढता हात थांबला. गोडंबी म्हणजे बिब्ब्याच्या आतला गर. तो बाळंतिणीच्या लाडवांत घालतात आणि तो बाधत नाही. बाधतं ते वरचं टरफल. त्यातलं काळं तेल कातडीला लागलं की काही जणांना फोड येतात, सूज चढते. आमच्याकडे त्याला बिबा उतणं म्हणतात.

"गोडंबी विकतची होती ना?" आईनं विचारलं.

"विकतची कायले? वावरात झाड हाये आपल्या. म्या दगडानं फोडला बिबा अन् हिनं कुटला."

"टरफल नीट काढलं होतं ना, भाऊजी?"

"काढलं असंल. थोडंफार गेलंबी असंल. अवो, कोणाले काय होते त्यानं! तुमचा खल तर तिनं राखेनं घासून देला."

खल काकूंकडून परत आला त्याच संध्याकाळी आईनं उटणं कुटायला घेतलं होतं. काका ताक मागत होते आणि आई त्यांच्याकडे नुसती बघत होती.

काका गेल्यावर आईनं खल उन्हात नेला आणि त्याच्या तळाशी बोट फिरवून पाहिलं. लोखंड काळं आणि ते तेलही काळं, त्यात काय दिसणार? ताईच्या डब्याचा प्रश्न नव्हता, तो उकिरड्यावर ओतता आला असता. बीबीला गेलेल्या डब्याचं काय? तिथं दुसऱ्या दिवशी नवऱ्या मुलाला हळद लागायची होती, आणि हळदीआधी ते उटणं त्याच्या तोंडाला, छातीला, पाठीला चोळलं जाणार होतं. बोहल्यावर तो सुजलेलं तोंड घेऊन उभा राहिला तर लोक काय म्हणतील, हे आमच्या घरात कुणी कुणाला सांगायची गरज नव्हती.

"निरोप धाडू, लावू नका म्हणून," बाबा म्हणाले.

"काऊन लावू नका, विचारतीन ना ते? काय सांगसान? आमच्या उटण्यात बिबा हाये म्हणून?" आईचा आवाज फाटला होता. "करणी केली म्हणतीन लोक. पहिल्या घरची आजी अन् आता हे. पोरगी जन्मभर घरात राहीन माह्या हातानं."

"अन् नसला बिबा, तर उगाच सांगून आपणच घोळ करू," बाबा म्हणाले आणि खाली बसले.

बिबा सगळ्यांना उतत नाही. आईनं उभ्या जन्मात शंभरदा बिबा हाताळला असेल, तिला कधी पुरळसुद्धा आलं नव्हतं. बाबा भेगाळलेल्या टाचांना बिब्ब्याचा चटका द्यायचे. ताईनं तो कधी हातात घेतला नव्हता, त्यामुळे तिचं कुणालाच माहीत नव्हतं. घरात बिबा उतायचा तो एकटीला, मला. लहान असताना काकांच्या त्याच झाडाखाली खेळून आले आणि दुसऱ्या दिवशी माझे डोळे उघडेनात. आई खोबरं आणि तीळ वाटून लावत होती आणि मी आंधळी झाले म्हणून गल्ली गोळा करत होते. तेव्हापासून त्या झाडाच्या सावलीलाही मी जात नसे.

मी दाराआड उभी होते. पहिल्यांदा बाबांनी माझ्याकडे पाहिलं, मग आईनं. त्या दोघांच्या मनात एकच गोष्ट आली हे मला कळलं आणि मी दाराआड आणखी सरकले.

"हिच्या हाताले लावून पाहू," बाबा हळूच म्हणाले.

आईनं ताईचा डबा उघडला, चिमूटभर उटणं दुधात कालवलं आणि मला जवळ बोलावलं. "थोडंसंच लावते, माय. लगेच धुऊन टाकू." मी लहान असले तरी बावळट नव्हते. लावायचं कशासाठी आहे ते मला पक्कं माहीत होतं. तरी मी हात पुढे केला, कारण तिचा चेहरा मला बघवत नव्हता. तिनं माझ्या डाव्या मनगटाच्या आतल्या बाजूला उटणं चोळलं, सुकू दिलं, धुतलं. वास इतका छान होता.

मग वाट पाहणं सुरू झालं. पाहुण्यांनी घर भरत होतं, बायका पापड तळत होत्या, कुणी गाणी म्हणत होतं, आणि आई दर थोड्या वेळानं काहीतरी निमित्त काढून माझ्याकडे यायची, हात उलटा करून बघायची. बाबा यायचे. मीही बघायची. इतकं बघितल्यावर कुठल्याही हातावर काहीतरी दिसायला लागतं. तीळ होता तो मोठा वाटला. शीर होती ती सुजल्यासारखी वाटली. खाजवू नको म्हणून आईनं बजावलं होतं, त्यामुळे सगळं अंगच खाजत होतं. देवा, माझ्या हाताला काही होऊ देऊ नको, असं मी म्हणत होते, पण स्वतःच्या हाताची काळजी त्यात किती होती कोण जाणे. माझ्या हाताला झालं तर ताईचं लग्न मोडणार, एवढंच डोक्यात होतं.

सकाळी बाबा धुतलेला सदरा घालून, टोपी हातात घेऊन तयार होते. सकाळच्या एसटीनं निघाले तर हळदीआधी बीबीला पोचणार होते. ती गाडी चुकली तर मग बोलून उपयोग नव्हता. आईनं मला मागच्या अंगणात नेलं. हातावर जरा लाली होती. फोड नव्हता.

"चोळून चोळून लाल झालं असंल," बाबा म्हणाले.

"खाजवते का वं?" आईनं विचारलं.

खाजत होतं. पण रात्रभर कान खाजले होते, पाठ खाजली होती. ही खाज बिब्ब्याची की भीतीची, हे मला खरंच सांगता येत नव्हतं. मी तसंच सांगितलं. "खाजवते, पण कायचं ते मले समजत नाही." आणि मला रडू फुटलं. एवढ्या मोठ्या दोन माणसांनी माझ्या एका शब्दावर एसटी धरायची की सोडायची ते ठरवावं, याचा मला तेव्हा राग आला नव्हता. तो मागाहून आला, मला मुलं झाल्यावर.

रडण्यानं ताई बाहेर आली. तिला आम्ही काही कळू दिलं नव्हतं, पण ती काही आंधळी नव्हती. तिनं माझा हात पाहिला, ओट्यावरचा डबा पाहिला, बाबांची टोपी पाहिली. "काय झालं ते सांगा," म्हणाली. बाबांनी सांगितलं. खाली मान घालून, पण सगळं सांगितलं.

ताईनं ऐकून घेतलं. मग डब्यात हात घातला, ओंजळभर उटणं काढलं, बादलीतलं पाणी त्यावर घेतलं आणि आईनं हात धरायच्या आत तोंडाला चोळायला लागली. गालांना, कपाळाला, गळ्याला.

"अवं, काय करून राह्यली!" आई ओरडली.

"त्यायच्या तोंडाले जे होईन ते माह्याबी तोंडाले होईन," ताई म्हणाली. उटण्याखाली तिचा चेहरा पिवळा दिसत होता. "मग म्हणू दे कोणाले करणी म्हणाचं ते. बाबा, तुमी कुठीसा जाऊ नका."

त्या माणसाशी तोवर ती चार शब्दसुद्धा बोललेली नव्हती. बाबांनी टोपी खुंटीला लावली. वेशीवर एसटीचा हॉर्न वाजला आणि गाडी गेली.

दुसऱ्या दिवशी वऱ्हाड आलं तेव्हा बँडकडे आमच्या घरातल्या कुणाचंच लक्ष नव्हतं. आईनं गर्दीतून वाट काढली आणि मुंडावळ्यांच्या आड नवऱ्या मुलाचं तोंड नीट पाहिलं. नितळ होतं. ताईचंही नितळ होतं. अक्षता पडल्या, बाबा वेड्यासारखे सगळ्यांना जेवायचा आग्रह करत सुटले, आणि आई कितीतरी दिवसांनी हसली.

पंगतीत मी डाव्या हातावर परकराचा घोळ ओढून बसले होते. सकाळपासून मनगट ठणकत होतं. जेवण झाल्यावर मांडवामागे जाऊन पाहिलं तर टपोरे फोड आले होते, पाण्यानं भरलेले, आणि कोपरापर्यंत सूज. म्हणजे बिबा होता. दोघांना तो उतला नव्हता, किंवा अजून उतायचा होता. बिबा कधी कधी उशिरानं उततो, हे आमच्या घरात सगळ्यांना ठाऊक होतं. मला ओरडून कुणाला तरी सांगावंसं वाटत होतं, आणि ज्या हाताकडे दोन दिवस सगळे बघत होते त्याच्याकडे आता कुणीच बघत नव्हतं.

पुढे ताई मांडवपरतणीला आली ती तशीच नितळ चेहऱ्यानं, आणि तिचे यजमानही. पण ते नंतरचं.

पाठवणीच्या वेळी ताई बैलगाडीत चढली आणि आईनं मला जवळ ओढलं ते नेमकं त्याच हाताला धरून. मी किंचाळले. आईनं खाली पाहिलं. एक क्षणभर पाहिलं, आणि झटकन माझा हात आपल्या पदराखाली घेतला. गाडी हलली होती. ताई मागं वळून बघत होती, हात हलवत होती, तिच्या गालावर ऊन पडलं होतं. आई तिच्या त्या चेहऱ्याकडे बघत इतक्या जोरानं रडायला लागली, की गाडीवानानं गाडी थांबवली. बायकांनी तिला धरलं.

"अवो बाई, इतकं कायले रडता? बीबी का दूर हाये?" त्या म्हणत होत्या.

पदराखाली माझा हात आईनं दोन्ही हातांत अलगद धरून ठेवला होता, आणि गाडीवानाला ती मानेनं, जा, जा, म्हणून खुणावत होती.