नऊ ओटीपी आणि एक चार्जर

नाहीदनं दुकान हाती घेऊन बारा वर्षं झाली, तरी आरमोरीच्या बाजार रस्त्यावर एखादा नवखा माणूस अजून काउंटरपाशी उभा राहून विचारतो, "दुकानदार कुठी गेले?" ती हातातला स्क्रू ड्रायव्हर खाली न ठेवता सांगते, "इथीच हाये. बोला."

दुकान मुळात तिच्या वडिलांचं. कमरुद्दीनभाऊंनी उमर रेडिओ आणि टेपरेकॉर्डर दुरुस्त करण्यात घालवली. डोळ्यांत मोतीबिंदू उतरला आणि त्याच सुमारास लोकांच्या घरातून रेडिओही उतरले. दोन्ही मुलं तोवर नागपूरला नोकरीला लागली होती. घरात आयटीआयचा इलेक्ट्रॉनिक्सचा कोर्स केलेली एकटी नाहीद. नातेवाइकांनी नाकं मुरडली, बाजारातल्या दोघातिघांनी "बाईमाणूस किती दिवस बसते पाहू" असं म्हणून पाहिलं. ती बसली. आधी मोबाइल शिकली, मग लॅपटॉप. हळूहळू कुरखेड्याकडची माणसंही बिघडलेली मशीनं पिशवीत घालून तिच्याकडे येऊ लागली. अब्बा रोज सकाळी दुकानात येतात, दाराजवळच्या खुर्चीवर बसतात आणि येणाऱ्याजाणाऱ्याची खबरबात घेतात.

फेब्रुवारीतल्या एका बाजाराच्या दिवशी भागीरथाबाई दुकानात आली. बाजूला तिची सून मंगली. भागीरथाबाई पन्नाशीची, ढिवर समाजातली, गावच्या मामा तलावावर, म्हणजे जुन्या मालगुजारी तलावावर, लहानपणापासून जाळं टाकत आलेली. गावातल्या नऊ बायांनी मिळून मासेमारीची संस्था काढली होती आणि ती तिची अध्यक्ष होती.

"नाहीदबाई, एक चार्जर पायजे," ती म्हणाली. "पण असा, का लॅपटॉपही त्याच्यावर चालन अन् आमचे फोनही."

"वेगवेगळे काऊन नाई घेत?"

"समाजभवनात एकच बोर्ड हाये. त्याच्यातही एकच पिन धड बसते, एक्स्टेन्शनची तं बसतच नाई."

मंगलीनं मग सगळं नीट सांगितलं. आजवर तलावाचा ठेका बाहेरचा माणूस घ्यायचा आणि गावच्या बाया त्याच्याकडे मजुरीनं जाळं ओढायच्या. यंदा संस्थेला स्वतः अर्ज करता येणार होता. अर्ज ऑनलाइन होता. एका बैठकीत भरायचा आणि नऊही सभासदांच्या फोनवर येणारे ओटीपी त्याच बैठकीत टाकायचे. दोनदा सगळ्या जणी तालुक्याला येऊन गेल्या. दोन्ही वेळा साइट चालली नाही आणि नऊ जणींचा दिवस वाया गेला. आता एका कार्यकर्त्यानं त्यांना आपला जुना लॅपटॉप दिला होता. बारावी झालेली मंगली तो चालवत होती. गावात वीज सकाळी नऊ ते अकरा हमखास असायची, पुढं भरवसा नाही. बायांचे फोन जुने, अर्धे नेहमी मेलेले.

"म्हणजे दोन घंट्यांत लॅपटॉप चालला पायजे, फोन जिवंत पायजेत, अन् तेही एका पिनेवर," नाहीद म्हणाली.

"तेच तं," भागीरथाबाई म्हणाली. "शेवटची तारीख सत्तावीस हाये."

नाहीदनं कपाटातून खोकी काढली. एकावर मोठ्या अक्षरांत शंभर वॅट लिहिलं होतं. चार पोर्ट, हातात मावेल एवढा, दिसायला देखणा. तिनं स्वतःचा लॅपटॉप त्याला लावला, तीन फोन लावले, करंट मोजायचं छोटं मीटर मध्ये जोडून आकडे पाहिले. सगळं झकास चाललं. लॅपटॉपसाठी जाड, शंभर वॅटची वायर तिनं वेगळी काढून दिली. "साधी वायर लावजो नको, नाई तं चार्जर कितीही मोठा असला तरी करंट वायरीतच अडकते," असं मंगलीला दोनदा बजावलं. दोघी खूश होऊन गेल्या.

चौथ्या दिवशी मंगलीचा फोन आला. आवाज रडवेला.

"ताई, फोन लावला का लॅपटॉप बंद पडते. सहा जणींचे फोन जिवंत होते, त्यांचे ओटीपी टाकून झाले होते. सातवीचा मेलेला फोन लावला अन् सगळं गेलं. दोनदा झालं असं."

"वायर हलली असन," नाहीद म्हणाली. तिनं स्वतः तपासून दिलेला माल होता. तिला खरंच तसं वाटलं.

"वायरीले कोणी हातही नाई लावला, ताई."

नाहीदनं फोन ठेवला. तिनं शंभर वॅटचा आकडा पाहिला होता, दुकानातला लॅपटॉप लावून पाहिला होता. यात चुकलं काय? अब्बांनी दारातूनच विचारलं, काय झालं. तिनं सांगितलं.

"मी रेडिओ दुकानात वाजवून द्यायचो," अब्बा म्हणाले, "अन् माणूस घरी नेऊन म्हणायचा, वाजत नाई. मग सायकल काढून त्याच्या घरी जायचो. कधी त्याच्या घरची लाइनच कमी असे, कधी एरियलच्या जागी सुतळी बांधलेली असे. तू जाऊन पाहून ये."

दुसऱ्या दिवशी सकाळी ती स्कूटीवर निघाली. गाव बारा किलोमीटरवर. समाजभवनात नऊ बाया आधीच जमल्या होत्या. कोणी कामावरून थेट आलेली, कोणाच्या कडेवर मूल. कोणी तिला बोल लावला नाही, आणि तेच तिला जास्त लागलं. नऊला वीज आली. मंगलीनं लॅपटॉप सुरू केला. नाहीद मीटर लावून जवळ बसली आणि म्हणाली, "आता एक फोन लाव."

फोन लागला त्याच क्षणी मीटरवरचा आकडा शून्यावर गेला आणि परत वर आला. मोजून एका सेकंदाचा खेळ. पण तेवढ्यात लॅपटॉप विझला होता. फोन काढला, तेव्हाही तेच.

तिनं लॅपटॉप उलटा केला, बॅटरी काढून पाहिली. बॅटरी पार मेलेली होती. लॅपटॉप नुसत्या चार्जरच्या जिवावर चालत होता. नाहीदला उलगडा झाला. नवा फोन आला की तो चार्जर सगळ्यांचा करंट क्षणभर तोडायचा, कोणाला किती द्यायचा ते पुन्हा ठरवायचा आणि मग पुन्हा सुरू व्हायचा. दुकानातल्या तिच्या लॅपटॉपची बॅटरी चांगली होती, म्हणून तो सेकंद तिच्या ध्यानातच आला नव्हता.

"चूक माही हाये," ती बायांकडे पाहून म्हणाली. "मी खोक्यावरचा आकडा पाह्यला. तुमचा लॅपटॉप कसा हाये ते इचारलंच नाई."

"नवी बॅटरी टाकता येते का?" मंगलीनं विचारलं.

"या जुन्या मॉडेलची मागवावी लागते. पंधरा दिवस तरी लागतीन."

सत्तावीस तारखेला सहा दिवस राहिले होते. एक बाई म्हणाली, फोन आधीच लावून ठेवू, मध्ये हात लावू नये. पण पोर्ट चार आणि फोन नऊ. पाळीपाळीनं लावल्याशिवाय गत्यंतर नव्हतं.

"मले चार दिवस द्या," नाहीद म्हणाली. "अन् हा लॅपटॉप माह्यासोबत द्या."

भागीरथाबाईनं लॅपटॉप लुगड्याच्या जुन्या तुकड्यात गुंडाळून तिच्या हाती दिला. "आणजो मात्र," एवढंच म्हणाली.

दुकानात येताच नाहीदनं नागपूरच्या ठोक व्यापाऱ्याला फोन लावला. या वेळी तिनं वॅट विचारले नाहीत. "दुसऱ्या पोर्टात फोन टाकला, तं पहिल्याचा करंट तुटते का?" असं विचारलं. व्यापाऱ्यानं वीस वर्षांत असा सवाल ऐकला नव्हता. त्याला माहीत नव्हतं, पण तो माणूस बरा होता. त्यानं तीन वेगवेगळे चार्जर सकाळच्या एसटीनं पाठवून दिले, न चालणारे परत कर म्हणाला.

तिनं भागीरथाबाईचा लॅपटॉप बॅटरी काढूनच टेबलावर ठेवला. पहिला चार्जर लावला, मग फोन. लॅपटॉप विझला. दुसरा एका फोनपर्यंत टिकला, दुसऱ्या फोनला विझला. तिसऱ्याचं खोकं साधं पुठ्ठ्याचं होतं, चार्जर विटेसारखा जड. त्यावर एकूण वॅट कमीच होते, पण एका पोर्टाखाली बारीक अक्षरांत लिहिलं होतं की त्याचे पासष्ट वॅट कायम त्याचेच. बाकी तीन पोर्टांनी उरलेला करंट आपसात वाटून घ्यायचा. नाहीदनं फोन लावला. लॅपटॉप चालू. दुसरा लावला, तिसरा लावला, तिन्ही एकदम उपटले. लॅपटॉप चालूच.

तिनं तेच वीस वेळा केलं. अब्बा खुर्चीवरून उठून काठी टेकत आत आले आणि म्हणाले, "आण, एकदा मलेही काढू दे." त्यांनी चाचपडत वायर ओढली. लॅपटॉपचा पंखा घरघरतच राहिला. दोघं हसले.

पंचवीस तारखेला ती पुन्हा गावात गेली. जाताना वाटेत लाल नेलपॉलिशची बाटली घेतली होती. लॅपटॉपच्या पोर्टाभोवती तिनं लाल गोल काढला आणि बायांना सांगितलं, "हा लॅपटॉपचा. याच्यात फोन नाई टाकायचा. बाकीचे तीन तुमचे, पाह्यजे तसे काढा-घाला."

नऊ वाजून दहा मिनिटांनी अर्ज सुरू झाला. ज्यांचे फोन मेलेले होते, त्यांचे आधी लागले. दहा मिनिटांत एक जिवंत झाला की त्याच्या जागी दुसरा. मंगली नाव वाचायची, ती ती बाई पुढं येऊन फोनवरचे आकडे एकेक करून सांगायची. सातव्या फोनच्या वेळी मंगलीचे हात थांबले. तिनं नाहीदकडे पाहिलं.

"लाव," नाहीद म्हणाली.

फोन लागला. पडदा विझला नाही. आठवा ओटीपी आला. नववा भागीरथाबाईचा होता. तिनं चष्मा नसल्यामुळं फोन हातभर लांब धरला आणि आकडे मोठ्यानं, सावकाश वाचले. दहा वाजून पंचवीस मिनिटांनी अर्ज जमा झाल्याची पावती पडद्यावर आली. मग मागून कोणीतरी विचारलं, "झालं का?" आणि मंगली म्हणाली, "झालं." भागीरथाबाईनं पदरानं डोळे पुसले.

पहिला चार्जर नाहीदनं परत घेतला. लॅपटॉपची बॅटरी चांगली असलेल्या एका मास्तरांना तो नीट सांगून दिला. त्यानंतर तिच्या दुकानाची रीत बदलली. मोठा चार्जर मागायला आलेल्या माणसाला ती आधी विचारते, त्यावर काय काय लावणार, घरी बोर्ड किती, लॅपटॉपची बॅटरी किती वेळ टिकते. काहींना त्याचा कंटाळा येतो. बहुतेक जण दुसऱ्या खेपेला लॅपटॉप सोबत घेऊन येतात. मंगली आता महिन्यातून दोनदा दुकानात बसून दुरुस्तीचं काम पाहते. शेजारच्या गावांतल्या दोन संस्थांचे अर्जही तिनंच भरून दिले.

मे महिन्यात ठेका संस्थेच्या नावानं मंजूर झाला. पाऊस होऊन तलावाला पाणी चढलं, तेव्हा भागीरथाबाईनं माशांची बोटुकली सोडायच्या दिवशी नाहीदला आणि कमरुद्दीनभाऊंना बोलावलं. अब्बांना स्कूटीवर मागं बसवून नाहीद सकाळीच पोचली. बाया पाण्यात कमरेइतक्या उतरल्या होत्या. माशांच्या पिल्लांनी भरलेल्या पिशव्या त्या एकेक करून पाण्यात तिरप्या धरत होत्या.

"दिसून राह्यले का, भाऊ?" भागीरथाबाईनं पाण्यातूनच विचारलं.

"चमकतात ते दिसते," अब्बा म्हणाले, आणि काठी टेकत आणखी जवळ गेले.